पाचपैकी तीन : अनुदानित शाळेतल्या अनुकंपा नियुक्तीबद्दल

आधी गुण सांगते, म्हणजे घाईत असणाऱ्यांची सोय होईल. पाचपैकी तीन. योजनेला साडेचार, ती ज्या हातांतून आपल्यापर्यंत पोचते त्या हातांना दीड. सरासरी तीन.

मी एका खाजगी अनुदानित माध्यमिक शाळेत कनिष्ठ लिपिक आहे. माझे मिस्टर याच संस्थेच्या दुसऱ्या शाळेत गणित-विज्ञानाचे शिक्षक होते. 2018 च्या पावसाळ्यात ते गेले. मला नियुक्ती मिळाली 2023 मध्ये. जिल्हा, संस्था, कार्यालय यांची नावं लिहिणार नाही. पगारबिलं अजून त्याच टेबलांवर न्यायची असतात.

ज्यांना यातलं काहीच माहीत नाही त्यांच्यासाठी थोडक्यात. सेवेत असताना कर्मचारी गेला तर त्याच्या घरातल्या एकाला गट क किंवा गट ड मधली नोकरी मिळू शकते. महाराष्ट्रात हे 1976 पासून आहे. आज जी चौकट आहे ती 26 ऑक्टोबर 1994 च्या शासन निर्णयावर उभी आहे. नंतर त्यात इतकी ठिगळं लागली की 21 सप्टेंबर 2017 ला शासनाला सगळं एकत्र करून पुन्हा छापावं लागलं. खाजगी अनुदानित शाळांसाठी शालेय शिक्षण विभागाचा वेगळा निर्णय आहे, 31 डिसेंबर 2002 चा. ही तारीख पाठ करून ठेवा. टेबलावरचा माणूस "हे सरकारी कर्मचाऱ्यांसाठी असतं, खाजगी शाळेला नाही" असं म्हणाला की तीच उपयोगी पडते. मला असं म्हणणारे एकाहून जास्त भेटले, आणि त्यातल्या एकाचं टेबल चक्क खाजगी शाळांचंच होतं.

योजनेला साडेचार का, ते आधी. पहिलं म्हणजे ती बाईला ओळखते. पात्र नातेवाइकांत पती किंवा पत्नी, मुलगा, मुलगी, कायदेशीर दत्तक मूल, मुलगा हयात नसेल तर सून, घटस्फोटित किंवा परित्यक्ता मुलगी अशी माणसं आहेत. विवाहित मुलगीही आता आहे. भाऊ-बहीण येतात ते मयत कर्मचारी अविवाहित असेल तरच. हे वाक्य कागदावर अगदी रुक्ष दिसतं. आमच्या घरात त्याने जे काम केलं ते चार वडीलधाऱ्यांना जमलं नसतं.

तेराव्यानंतर विषय निघाला तेव्हा सगळ्यांनी गृहीत धरलं होतं की नोकरी धाकट्या भावजींना मिळणार. ते बी.ए., घरीच होते, शेती बघायचे. सासूबाईंचं म्हणणं सरळ होतं : "तू पोरांना सांभाळ, तो नोकरी करेल, तुम्हाला काही कमी पडू देणार नाही." यात लबाडी नव्हती. सासूबाईंनी आयुष्यभर बायकांना घर सांभाळताना आणि पुरुषांना पगार आणताना पाहिलं होतं, तेवढंच. मी बोलले असते तर मी हावरी ठरले असते. बोलले आमच्या शाळेचे मुख्य लिपिक. त्यांना सगळे नाना म्हणतात. त्यांनी घरी येऊन, चहा पिऊन, चष्मा लावून तो परिच्छेद वाचून दाखवला आणि म्हणाले, "मावशी, नियमात भाऊ बसत नाही. वहिनी बसतात." तिथेच विषय मिटला. कुणी वाईट झालं नाही, कुणाला कुणाशी भांडावं लागलं नाही. सरकारी कागदाबद्दल मला आदर वाटला असे प्रसंग थोडे आहेत, त्यातला हा एक.

दुसरी चांगली गोष्ट म्हणजे नोकरी घेणाऱ्याकडून लिहून घेतलेलं प्रतिज्ञापत्र. मयताच्या इतर अवलंबितांना सांभाळीन, नाही सांभाळलं तर नोकरी जाऊ शकते, असं त्यात असतं. सासूबाईंची ना-हरकत आणि माझं हे प्रतिज्ञापत्र एकाच दिवशी, एकाच नोटरीसमोर झालं. त्यांना सही करताना धीर आला तो या दुसऱ्या कागदामुळे. माझ्या कळवळ्यावर त्यांचा तेव्हा फारसा भरवसा नव्हता आणि त्यात त्यांचं काही चुकलं नाही. आज औषधांची चिठ्ठी त्या माझ्याकडेच देतात, भावजींकडे नाही.

प्रतिज्ञापत्रांवरून एक उपयोगाचं. शासकीय कार्यालयात द्यायच्या प्रतिज्ञापत्रांना 2004 पासून मुद्रांक शुल्क माफ आहे. साध्या कागदावर चालतं. तरी कार्यालयाबाहेरचा टंकलेखक "स्टॅम्पशिवाय घेत नाहीत" असं सांगून शंभराचा स्टॅम्प लावायचा. ऑक्टोबर 2024 पासून राज्यात शंभराच्या जागी पाचशेचा लागू लागला, तर तो आता पाचशेचा लावतो. ना-हरकत, लहान कुटुंब, अवलंबितांचा सांभाळ, मालमत्तेचा तपशील : प्रत्येकाला एकेक धरलं तर नुकत्याच बाप गेलेल्या घरातून किती उकळले जातात ते मोजा. टंकलेखकाला दोष देऊन उपयोग नाही. आतला बाबू साधा कागद बघून तोंड वाकडं करतो, म्हणून बाहेरच्याचा धंदा चालतो.

लहान कुटुंबाची अट माहीत असावी. 31 डिसेंबर 2001 नंतर तिसरं अपत्य झालेल्या कर्मचाऱ्याचं कुटुंब या योजनेत बसत नाही. मला दोन मुलं, प्रश्न आला नाही. पण त्याच रांगेत मला एक कुटुंब भेटलं. दोन मुलींवर मुलगा झालेला, मुलगा तेव्हा शाळेत. अर्ज आला तसा परत गेला. अट घालण्यामागचा हेतू मला कळतो. पण शिक्षा भोगतात त्या मोठ्या दोन मुली, आणि तिसऱ्या मुलाचा निर्णय त्यांनी घेतलेला नसतो. साडेचारातला कापलेला अर्धा गुण इथला आहे.

आता हातांकडे येते.

नियम असा की कर्मचारी गेल्यावर, निवृत्तिवेतनाचे वगैरे कागद करतानाच, आस्थापना सांभाळणाऱ्याने घरच्यांना या योजनेची माहिती द्यायची आणि दिल्याची पोच घ्यायची. आमच्या बाबतीत नानांमुळे हे झालं. पण ते नाना चांगले म्हणून झालं, पद्धत चांगली म्हणून नाही. शेजारच्या तालुक्यातल्या एका शिपायाच्या मुलाला वडील गेल्यावर दोन वर्षांनी एका लग्नात कळलं. तेव्हा अर्जाची मुदत मृत्यूपासून एक वर्ष होती. त्याचा अर्ज "मुदतबाह्य" हा शिक्का घेऊन परत आला. माहिती न देणाऱ्यावर कुठलाच शिक्का बसला नाही. 17 जुलै 2025 ला शासनाने अनुकंपाचं सुधारित धोरण काढलं आणि ही मुदत तीन वर्षं केली. चांगलं केलं. पण माहिती देण्याची सक्ती कागदावरच राहिली तर मुदत तीन वर्षं असली तरी लग्नातच कळायचं.

मुदतीवरून आठवलं. मिस्टर 2008 साली शिक्षणसेवक म्हणून लागले, म्हणजे 1 नोव्हेंबर 2005 नंतरचे. जुनी पेन्शन नाही, डीसीपीएस, म्हणजे पगारातून कपात होणारी अंशदानाची योजना. ते गेले तेव्हा आमच्यासारख्या घराला कुटुंब निवृत्तिवेतन म्हणून महिन्याला एक रुपया नव्हता. मार्च 2023 मध्ये शासनाने या कर्मचाऱ्यांच्या कुटुंबांना तो पर्याय दिला, तो आंदोलनं झाल्यावर. मधल्या काळात डीसीपीएसच्या कपातीचा हिशेब जुळवण्यात नाना आणि मी दोघेही थकलो. हे मुद्दाम सांगते, कारण "अनुकंपा म्हणजे फुकटची सरकारी नोकरी" असं म्हणणारे पुष्कळ आहेत, आणि त्यातले काही स्टाफरूममध्ये माझ्या शेजारी बसून डबा खातात. जुन्या पेन्शनवाल्या घरात अनुकंपा म्हणजे दुसरा पगार असेल. आमच्यासारख्यात तो पहिला आणि एकुलता एक.

सर्वोच्च न्यायालयाने 1994 मध्ये हरियाणाच्या एका प्रकरणात स्पष्ट सांगितलं आहे की अनुकंपा नियुक्ती हा हक्क नाही. घरावर अचानक कोसळलेल्या आर्थिक संकटातून कुटुंबाला बाहेर काढणं एवढाच तिचा हेतू आहे, आणि बराच काळ उलटून गेल्यावर ती मागता येत नाही. मला हे पटतं. गुणवत्तेने रांगेत उभ्या असलेल्या कुणाची तरी जागा मी घेते आहे, तर त्याला कारण हवं, आणि ते कारण म्हणजे संकट. पण मग संकटाच्या काळात द्या की! माझं संकट 2018 ते 2020 मध्ये होतं. थोरल्याची फी, धाकटीचं आजारपण, घराच्या कर्जाचे हप्ते. त्या काळात मी शिकवण्या घेतल्या, पापड लाटले, माहेरून गहू आणला. 2023 ला नोकरी आली तेव्हा संकटाचं रूपांतर सवयीत झालं होतं. त्याच निकालाचा हवाला देऊन उशिरा आलेले अर्ज फेटाळले जातात. कार्यालयाने स्वतः लावलेल्या उशिराला मात्र तो निकाल कुणी लावत नाही.

उशीर नेमका कुठे होतो ते सांगते, कारण "सरकारी काम, सहा महिने थांब" एवढंच म्हणून सोडलं तर काहीच कळत नाही.

खाजगी अनुदानित शाळेत नेमणूक देणारी संस्था असते आणि पगार देणारं शासन. या दोघांमध्ये शिक्षणाधिकारी. जिल्हा परिषदेच्या शिक्षकाचं घर असेल तर निदान एकच दार असतं. आम्हाला दोन, आणि दोन्ही दारांवर पाटी एकच : "आधी तिकडून घेऊन या." संस्था म्हणते, शिक्षणाधिकारी कार्यालयाने रिक्त पद मान्य केलं तर आम्ही ठराव करतो. कार्यालय म्हणतं, संस्थेने ठराव आणि प्रस्ताव पाठवला तर आम्ही बघतो. यात कुणी खोटं बोलत नाही, हेच वैतागाचं.

मुळात पद हवं. सरकारी कार्यालयांत दरवर्षी रिक्त होणाऱ्या पदांपैकी ठरावीक टक्के अनुकंपाने भरतात. पूर्वी 10 टक्के होते, सप्टेंबर 2019 मध्ये 20 केले. मोठ्या खात्यात हा आकडा खरा असतो. शाळेत लिपिकाचं पदच एक असतं. एकाचे वीस टक्के काढून दाखवा! त्यात शिक्षकेतर भरती कित्येक वर्षं नव्या आकृतिबंधाच्या नावाखाली अडलेली. तो आकृतिबंध 28 जानेवारी 2019 ला आला. लिपिकाचं पद किती विद्यार्थ्यांना किती, हे त्यावरून ठरू लागलं. म्हणजे पुन्हा संचमान्यता, पटावरच्या मुलांच्या संख्येवरून शाळेची पदं मान्य करणं. आणि संचमान्यतेत आधार वैध असलेलीच मुलं धरायची, असा काळ आला. ऊसतोडीला आईबापांबरोबर गेलेल्या मुलाच्या आधारवर नाव "गणेश" आणि शाळेच्या रजिस्टरला "गणेशा" असेल, तर ते मूल पटावर असूनही हिशेबात नसतं. माझ्या नोकरीचा एक पाय अशा मुलांच्या आधार कार्डावर उभा होता. तेव्हा नानांबरोबर बसून दुरुस्तीच्या याद्या करायला मीही जायचे. बिनपगारी, नेमणुकीच्या आधी, कुणी न सांगता.

पद मान्य झालं की बिंदुनामावली, म्हणजे कुठलं पद कुठल्या आरक्षणाचं याची नोंद. मागासवर्गीय कक्षाकडून तपासून आणायची. मग संस्थेचा ठराव.

ठरावाच्या वेळी "इमारत निधी" हा विषय निघाला. कुणी पैसे मागितले नाहीत, हे मी प्रामाणिकपणे लिहिते. संस्थेच्या एका सदस्यांनी मला बसवून, पाणी देऊन, मिस्टरांच्या शिकवण्याचं कौतुक करून, नव्या वर्गखोल्यांचं काम कसं अडलं आहे ते सांगितलं. पुष्कळ वेळ सांगितलं. मी ऐकून घेतलं आणि म्हणाले, "साहेब, ते असते तर स्वतः विटा वाहिल्या असत्या." पुढच्या बैठकीत विषय घेतला नाही. त्याच्या पुढच्या बैठकीत घेतला, कारण दरम्यान मी माहितीच्या अधिकारात शिक्षणाधिकारी कार्यालयाकडे जिल्ह्याच्या प्रतीक्षा यादीची आणि संस्थेच्या प्रलंबित प्रस्तावांची प्रत मागितली होती. दहा रुपयांचं कोर्ट फी तिकीट. उत्तर तीस दिवसांत द्यावं लागतं. माझ्या सगळ्या प्रवासात पैशाच्या मानाने सर्वांत जास्त काम करणारी वस्तू कुठली, असं विचारलंत तर हे तिकीट. त्याला पाचपैकी पाच.

यादी हाती आली तेव्हा कळलं, आपण एकट्या नाही. नावं लिहीत नाही, पण त्यातल्या एका बाईंची गोष्ट सांगितल्याशिवाय या परीक्षणाला अर्थ नाही.

त्यांचे यजमान शाळेत शिपाई. बाई स्वतः दहावी. माझ्या आधीचा क्रमांक. बारावी आणि टायपिंग नसल्यामुळे लिपिकपद त्यांना मिळणार नव्हतं, शिपाईपद मिळालं असतं. तेवढ्यात 11 डिसेंबर 2020 चा शासन निर्णय आला. अनुदानित शाळांतली शिपायांची पदं जसजशी रिकामी होतील तसतशी संपवायची, आणि त्याऐवजी शाळेला ठोक शिपाई भत्ता द्यायचा : मुंबई-पुण्यात महिना 10,000 रुपये, इतर महापालिकांच्या हद्दीत 7,500 आणि ग्रामीण भागात 5,000. म्हणजे शिपाई गेला की त्याच्याबरोबर त्याचं पदही गेलं. ज्या पदाच्या आधारावर त्याच्या बायकोला उभं राहायचं होतं तेच. वेतनश्रेणी 15,000 पासून सुरू होणारी होती, भविष्य निर्वाह निधी होता, रजा होत्या. आमच्या खेड्यात त्याच कामाला आता 5,000, आणि तेही शाळेच्या मर्जीवर.

त्यानंतर माझ्या प्रतीक्षेच्या उरलेल्या वर्षांत त्या बाई त्याच शाळेत भत्त्यावर झाडलोट करत होत्या, घंटा देत होत्या. मला लिपिक म्हणून आदेश मिळाला तेव्हा पेढे वाटायला त्यांनीच मदत केली. मला त्यांच्यासमोर पेढा खाववेना. माझ्यात आणि त्यांच्यात फरक एवढाच की माझ्या वडिलांनी मला बी.ए. होऊ दिलं. योजनेत "कुटुंबाला संकटातून बाहेर काढणे" असं लिहिलं आहे, आणि जिथे संकट जास्त खोल तिथेच दोर अपुरा पडला. दीड गुण देताना माझा हात आखडला तो मुख्यतः यासाठी. हा निर्णय अनुकंपाच्या विभागाने घेतला नव्हता, हे मला माहीत आहे. पण यादीतल्या बाईला विभाग दिसत नाहीत, एकच खिडकी दिसते.

मला आदेश मिळाला, मी रुजू झाले. इथे बाहेरच्या लोकांना वाटतं गोष्ट संपली. अनुदानित शाळेत ती इथे सुरू होते. रुजू अहवाल, मग शिक्षणाधिकाऱ्यांची वैयक्तिक मान्यता, मग शालार्थ (शाळांच्या पगाराची सरकारी ऑनलाइन प्रणाली) आयडीचा प्रस्ताव वरच्या कार्यालयात, आणि आयडी आल्यावर पगार काढणाऱ्या वेतन पथकाकडे. शालार्थमध्ये नाव चढेपर्यंत पगार नाही. रोज साडेदहाला हजेरीपटावर सही करायची, दाखले द्यायचे, शिष्यवृत्तीचे अर्ज भरायचे, आणि महिनाअखेर इतरांची पगारबिलं स्वतःच्या हाताने तयार करायची, ज्यात आपलं नाव नाही. मिळाला तेव्हा फरकासकट मिळाला, पण थकीत देयकाचं बिल वेगळं, त्याची मंजुरी वेगळी. शेजारच्या किराणा दुकानदाराला "शालार्थ" म्हणजे काय ते माझ्यामुळे कळलं.

2025 मध्ये नागपूर विभागात बोगस शालार्थ आयडीचा घोटाळा उघडा पडला. न नेमलेल्या लोकांच्या नावावर पगार निघत होते, अधिकाऱ्यांना अटका झाल्या. त्यानंतर राज्यभर 2012 पासूनच्या मान्यतांचे कागद शालार्थवर चढवायला सांगितले. आमच्याकडे मी एकटीच अशी होते की जिला एकही कागद शोधावा लागला नाही. ठराव, आदेश, रुजू अहवाल, मान्यता, प्रत्येकाची पोच, सगळं एका फाइलमध्ये. काही जुन्या सरांच्या मान्यतेची पत्रं पेटीत, माळ्यावर, एकाचं तर सासुरवाडीत सापडलं. अनुकंपावाल्यांना कागदाची भीती आयुष्यभर राहते, ती त्या महिन्यात उपयोगी पडली.

वागणुकीबद्दल. शाळेतल्या लोकांना मी पूर्ण गुण देते. मिस्टरांच्या शाळेत मला सगळे वहिनी म्हणत. या शाळेत पहिल्या दिवशी मुख्याध्यापकांनी सगळ्यांसमोर "मॅडम" म्हणून ओळख करून दिली आणि पुढे तेच ठेवलं. ज्या लिपिकाला "अमक्याची बायको" म्हणून बघतात तिच्याकडे पालक फीच्या पावतीवरून हुज्जत घालतात, आणि मॅडमकडे घालत नाहीत. कार्यालयातली वागणूक माणसागणिक बदलते. एका बाईंनी माझ्या धाकटीला स्वतःच्या खुर्चीवर बसवून माझी त्रुटी समजावून सांगितली. दुसऱ्या एका गृहस्थांनी तीच त्रुटी तीन वेगवेगळ्या पत्रांत, एकेक करून, कळवली. सगळ्या त्रुटी एकाच पत्रात कळवायच्या एवढं जरी केलं तरी मी आणखी अर्धा गुण देईन.

नाव बदलण्याबद्दल खूप जण विचारतात, म्हणून तेही. यादीत एकदा नाव लागलं की ते बदलून दुसऱ्या वारसाचं लावता येत नाही, अशी 20 मे 2015 च्या निर्णयाने अट होती. आईचं नाव यादीत, आई पंचेचाळीस ओलांडते, नाव कटतं, मुलगा तोवर अठरा पूर्ण, पण त्याला दार बंद. अशी कितीतरी घरं. मुंबई उच्च न्यायालयाच्या औरंगाबाद खंडपीठाने 2020 मध्ये ही बंदी अन्यायकारक ठरवली, मे 2024 मध्ये नागपूरला पूर्णपीठानेही तेच सांगितलं, आणि 2025 च्या धोरणात शासनाने नावबदल मान्य केला. ऑक्टोबर 2025 मध्ये तर राज्यभरात एकाच दिवशी पाच हजारांहून जास्त अनुकंपा उमेदवारांना नियुक्तिपत्रं वाटली. फोटो पाहून बरं वाटलं. मंडपात पत्र मिळणं आणि पहिला पगार मिळणं यांतलं अंतर मला माहीत आहे, म्हणून टाळ्या जरा हळू वाजवल्या.

मग ही सेवा घ्यावी का? हा काही हॉटेलचा प्रश्न नाही की दुसरीकडे जाऊ. पात्र असाल तर अर्ज करा, दु:ख ताजं असतानाच करा, कारण यादीतला क्रम परिपूर्ण अर्जाच्या तारखेवरून लागतो. "परिपूर्ण" हा शब्द जपा. एक दाखला कमी असेल तर तारीख पुढे सरकते. अर्जाची प्रत आवक शिक्क्यासह घ्या, तोंडी "ठेवून जा" चालत नाही. नवरा किंवा बायको नोकरीत असेल आणि दोघं धडधाकट असाल तर आजच सेवापुस्तक मागून नामनिर्देशनाचं पान बघा. आमच्या ह्यांच्या सेवापुस्तकात लग्नाआधी लिहिलेलं आईचं नाव तसंच होतं, दहा वर्षं कुणी उघडलं नव्हतं. गटविम्याच्या वेळी त्यावरून जी कागदपत्रं करावी लागली त्याला अनुकंपाच्या फाइलएवढीच जाडी आली.

आणि लिपिकपदावर नजर असेल तर मराठी 30 किंवा इंग्रजी 40 शब्दांचं टंकलेखन आणि एमएस-सीआयटी यादीत नंबर यायच्या आधी उरका. नियुक्तीनंतर प्रमाणपत्र आणायला मुदत मिळते, पण तेव्हा दिवसा शाळा, संध्याकाळी मुलं आणि मधे झेडपी असते. परीक्षा परिषदेची संगणक टंकलेखनाची परीक्षा ठरावीक सत्रांतच होते. एक सत्र हुकलं की पुढच्याची वाट बघत बसावं लागतं. मी मराठी टंकलेखन शिकवणीच्या पैशांतून केलं, यादीत असतानाच. आमच्या शाळेतल्या त्या भत्त्यावरच्या बाई आता बारावीचा सतरा नंबरचा, म्हणजे बाहेरून परीक्षेला बसणाऱ्यांचा, फॉर्म भरून आल्या आहेत. इंग्रजीचं पुस्तक मी दिलंय, अर्थशास्त्राचं कुणाकडे जुनं असेल तर शाळेत आणून द्या.